गणिताच्या गुणांचा अंदाज आणि गुणवृद्धीचा मार्ग

दहावीच्या वर्गात पाऊल टाकलेल्या मुलाच्या घरी एक प्रश्न वर्षभर ठाण मांडून बसतो : "गणितात किती पडतील?" दुकानात गिऱ्हाईक विचारते, लग्नकार्यात सोयरे विचारतात, आणि प्रत्येक वेळी त्याचे उत्तर निराळे दिले जाते. चाचणीत बरे गुण पडले असतील तर वडील "नव्वदच्या खाली येत नाही" म्हणून सांगतात. पुढल्याच चाचणीत घसरण झाली की तेच वडील "याचे गणितात काही खरे नाही" असे म्हणून मोकळे होतात. वस्तुतः ही दोन्ही उत्तरे अंदाज नव्हेत. पहिली आशा आहे व दुसरी निराशा आहे. आपल्या दुकानाची वर्षअखेर आपण अशा रीतीने कधीही मांडणार नाही. मालाची मोजदाद केल्यावाचून नफ्यातोट्याचा आकडा उच्चारू नये, ही शिस्त ज्या समाजात पिढ्यान् पिढ्या पाळली गेली, त्या समाजातील मुलांच्या गुणांचा हिशेब मात्र केवळ तोंडी चालावा, हे नवल होय.

गणितविद्येशी आपला संबंध आजकालचा नाही. नवव्या शतकात राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष याच्या काळात महावीराचार्यांनी 'गणितसारसंग्रह' हा ग्रंथ रचला. त्यात त्रैराशिक, व्याज, मिश्रण, क्षेत्रफळ असे व्यवहारास लागणारे विषय आहेत. रंगाचार्य यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद मूळ संस्कृतासह सिद्ध केला व तो १९१२ साली मद्रासहून प्रसिद्ध झाला. ऋण संख्या ही स्वभावतः वर्ग नसल्यामुळे तिला वर्गमूळ नाही, हे त्या ग्रंथात स्पष्ट सांगितले आहे. आज दहावीचा विद्यार्थी "विवेचक ऋण असल्यास वर्गसमीकरणास वास्तव मुळे नाहीत" असे लिहितो, तेव्हा तो याच विचाराच्या वाटेने चालत असतो. गणित हे आपल्या घरात परके नाही, एवढेच यावरून सुचवावयाचे आहे.

प्रस्तुत लेखात दोन गोष्टी सांगावयाच्या आहेत. मुलाच्या गुणांचा प्रामाणिक अंदाज कसा काढावा ही पहिली, आणि त्या अंदाजाचा उपयोग करून गुण कसे वाढवावेत ही दुसरी. आपले सभासद अनेक प्रांतांत विखुरलेले असल्यामुळे मुलांची परीक्षामंडळे वेगवेगळी आहेत. तथापि बेळगाव, इंदूर, बडोदे, हैदराबाद, गोवे या सर्व ठिकाणी सीबीएसई या केंद्रीय मंडळाच्या शाळा असल्याने उदाहरणादाखल त्या मंडळाची गणिताची पत्रिका घेतली आहे. रीत मात्र सर्वत्र तीच लागू पडते.

१. प्रथम पत्रिकेची ओळख

माल कोणत्या वजनाने मोजला जातो हे ठाऊक नसता भावाची चर्चा करण्यात अर्थ नाही. केंद्रीय मंडळाच्या दहावीच्या गणितास एकूण १०० गुण असून त्यांपैकी ८० लेखी परीक्षेचे व २० शाळेतील अंतर्गत मूल्यमापनाचे असतात. अंतर्गत गुणांत चाचण्या व इतर मूल्यमापन यांस १०, कार्यसंचिकेस ५ आणि प्रयोगशाळेतील कृतींस ५ असे वाटप आहे. लेखी व अंतर्गत मिळून ३३ टक्के गुण मिळाले म्हणजे विद्यार्थी विषयात उत्तीर्ण होतो.

लेखी पत्रिकेची वेळ तीन तास असून, तत्पूर्वी ती वाचण्यास १५ मिनिटे निराळी मिळतात. २०२५–२६ च्या नमुना पत्रिकेप्रमाणे एकूण ३८ प्रश्न होते. एका गुणाचे २०, दोन गुणांचे ५, तीन गुणांचे ६, पाच गुणांचे ४, आणि एखाद्या प्रसंगावर आधारलेले चार गुणांचे ३. बेरीज करून पाहावी : २० + १० + १८ + २० + १२ = ८०.

घटकवार वाटप पुढीलप्रमाणे होते : संख्या ६, बीजगणित २०, निर्देशक भूमिती ६, भूमिती १५, त्रिकोणमिती १२, महत्त्वमापन १०, सांख्यिकी व संभाव्यता ११. यांचीही बेरीज ८० च होते. आपल्या मुलाच्या वर्षी यात काही फेरफार झाला आहे काय, हे शाळेकडून वर्षारंभीच पाहून घ्यावे. महाराष्ट्राच्या राज्य मंडळात बीजगणित व भूमिती यांच्या ४०–४० गुणांच्या दोन पत्रिका असून अंतर्गत गुण २० आहेत. कर्नाटकाच्या दहावीतही लेखी ८० व अंतर्गत २० अशीच विभागणी आहे.

हा तक्ता मुलाच्या अभ्यासाच्या मेजासमोर भिंतीवर लावावा. पुष्कळ मुले सहा गुणांच्या घटकावर महिना घालवतात आणि वीस गुणांचे बीजगणित "ते येते की" म्हणून सोडून देतात. कोणत्या खात्यात किती रक्कम आहे हे डोळ्यांसमोर असले म्हणजे ही चूक होत नाही.

२. अंदाज काढण्याची रीत

अंदाजासाठी किमान तीन पूर्ण पत्रिका सोडवाव्यात. एका पत्रिकेवरून काढलेला अंदाज हा एका दिवसाच्या गल्ल्यावरून वर्षाची उलाढाल ठरविण्यासारखा आहे. मंडळ दरवर्षी नमुना पत्रिका व तिची गुणदान योजना प्रसिद्ध करते. मागील वर्षांच्या पत्रिकाही मिळतात. पत्रिका सोडविताना चार पथ्ये पाळावीत.

पहिले पथ्य : एकाच बैठकीत, घड्याळ लावून, तीन तासांत पत्रिका सोडवावी. मध्ये उठू नये व पुस्तक उघडू नये. मंडळाच्या परीक्षेत गणकयंत्र चालत नाही, म्हणून घरीही ते दूर ठेवावे.

दुसरे पथ्य : तपासणी मुलाने स्वतः करू नये. गुणदान योजना हाती घेऊन शिक्षकाने किंवा घरातील जाणत्या माणसाने ती करावी. "मला येत होते, फक्त चिन्ह चुकले" या सबबीवर गुण देऊ नयेत. परीक्षकासमोर ही सबब सांगण्यास मुलगा हजर नसतो.

तिसरे पथ्य : तिन्ही पत्रिकांचे गुण चढत्या क्रमाने मांडून मधला आकडा घ्यावा. सर्वांत मोठा आकडा लक्षात ठेवण्याची आपल्याला फार हौस असते, पण अंदाजासाठी मधला आकडाच विश्वासाचा असतो.

चौथे पथ्य : अंदाज एका आकड्यात सांगू नये, मर्यादेत सांगावा. तीन पत्रिकांत ४६, ५३ व ४८ गुण पडले असतील, तर "लेखी परीक्षेत ४६ ते ५३, बहुधा ४८ च्या आसपास" हा खरा अंदाज झाला. त्यात शाळेकडील अंतर्गत गुण मिळवावेत. ते १८ असतील तर शंभरांपैकी ६४ ते ७१ ही मर्यादा ठरते.

३. गेलेल्या गुणांची खतावणी

येथवर केवळ मोजदाद झाली. खरे काम यापुढे आहे. मिळालेल्या गुणांकडे पाहून काही कळत नाही, कळते ते गेलेल्या गुणांकडे पाहून. म्हणून एक जाड वही घालावी व गमावलेला प्रत्येक गुण, अर्धा गुणसुद्धा, पुढील चारांपैकी एका खात्यावर टाकावा.

पहिले खाते 'न येणे' : रीतच ठाऊक नव्हती, प्रमेय आठवले नाही, कल्पनाच समजली नाही.
दुसरे खाते 'हिशेबाची चूक' : रीत बरोबर, पण बेरीज, गुणाकार वा चिन्ह चुकले.
तिसरे खाते 'वाचन व लेखन' : प्रश्न अर्धवट वाचला, त्रिज्येऐवजी व्यास घेतला, एकक लिहिले नाही, भूमितीत कारण दिले नाही, पायऱ्या गाळल्या.
चौथे खाते 'वेळ' : येत होते, पण प्रश्नापर्यंत पोहोचलाच नाही.

ही केवळ कल्पना नव्हे. काही वर्षांपूर्वी सीमाभागातील एक कापडव्यापारी आपल्या मुलीला घेऊन मजकडे आले. मुलगी दहावीत होती. शाळेच्या चाचणीत तिला ८० पैकी ४४ गुण पडले होते आणि शाळेने स्टँडर्ड गणित की बेसिक गणित हे आठवड्याभरात कळविण्यास सांगितले होते.

"सर, हिला किती पडतील ते एकदा सांगा, म्हणजे बेसिक लिहून देतो," ते म्हणाले.

"अण्णा, आपण वखारीतला माल न मोजता शिल्लक सांगता काय?" मी विचारले.

"छे! मोजल्याशिवाय कसे सांगेन?"

"मग मलाही मोजू द्या. आणि एक वचन द्या. वही उघडेल तेव्हा तिला रागे भरायचे नाही."

त्यांनी ते मानले. तोवर शाळेत शिकवून झालेल्या प्रकरणांवर मी ८०–८० गुणांच्या तीन पत्रिका काढल्या. वर उदाहरणात दिलेले ४६, ५३ व ४८ हे आकडे त्या मुलीचेच आहेत. तिन्ही मिळून २४० पैकी ९३ गुण गेले होते. आम्ही तिघांनी बसून त्यांची खतावणी केली ती अशी : न येणे ३६, हिशेबाची चूक २४, वाचन व लेखन १८, वेळ १५.

वडील बराच वेळ त्या चार आकड्यांकडे पाहत राहिले. मुलीला गणित येत नाही असे ते धरून चालले होते. प्रत्यक्षात ९३ पैकी ५७ गुण हे येत असलेल्या गणितात गेले होते. म्हणजे दर पत्रिकेस सरासरी १९ गुण. न येण्यामुळे गेलेले गुण दर पत्रिकेस १२ होते आणि तेही सर्वत्र पसरलेले नव्हते. ३६ पैकी १७ त्रिकोणांच्या समरूपतेत व ११ अंकगणिती श्रेढीत, म्हणजे दोन प्रकरणांत मिळून २८ होते. "ही तर वसूल होणारी उधारी आहे," असे ते स्वतःच म्हणाले.

४. वसुलीचा क्रम

गेलेले गुण परत आणताना क्रम महत्त्वाचा आहे. सर्वसाधारण पालक शिकवणीला आणखी दोन तास जोडतो. पण शिकवणी मुख्यतः पहिल्या खात्यावर काम करते. उरलेल्या तीन खात्यांस निराळे उपाय लागतात, आणि ते घरातच होण्यासारखे आहेत.

वेळेचे खाते सर्वांत आधी बंद होते. तीन तासांची वाटणी मुलाने तोंडपाठ करावी : एका गुणाच्या वीस प्रश्नांस ३० मिनिटे, दोन गुणांच्या पाचांस २०, तीन गुणांच्या सहांस ४०, पाच गुणांच्या चारांस ४०, प्रसंगाधिष्ठित तिघांस २५. ही झाली १५५ मिनिटे. उरलेली २५ फेरतपासणीसाठी राखावीत. एखादे उदाहरण अडले तर त्याच्याशी झुंजत न बसता जागा सोडून पुढे जावे व शेवटी परत यावे. या परीक्षेत चुकीच्या उत्तरास गुण कापले जात नाहीत, म्हणून पर्यायी प्रश्नांपैकी एकही कोरा ठेवू नये.

हिशेबाच्या चुकांवर उपाय आपल्या आजोबांच्या पिढीजवळ होता. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, औटकी हे पाढे ज्यांच्या जिभेवर होते त्यांना पावणेतीन रुपयांच्या दराने अठरा वार कापडाचा हिशेब करण्यास कागद लागत नसे. ते सर्व पाढे आज पुन्हा पाठ करावेत असे नव्हे. पण रोज दहा मिनिटे घरातील वडीलधाऱ्यांनी मुलाला तोंडी हिशेब घालावेत. तिसापर्यंत पाढे, वीसपर्यंतचे वर्ग, अपूर्णांकांची बेरीज व ऋण चिन्हांची वजाबाकी एवढे पुरे. ताळा पाहण्याची जुनी रीतही शिकवावी. ३४७ ला २८ ने गुणून ९७१६ आले. ३४७ च्या अंकांची बेरीज १४, पुन्हा बेरीज ५. २८ ची १०, पुन्हा १. पाच गुणिले एक पाच. ९७१६ ची बेरीज २३, पुन्हा ५. ताळा जमला. अंकांची अदलाबदल झाली असता ही रीत चूक पकडीत नाही, हे मात्र ध्यानात ठेवावे. तरीही पुष्कळशा चुका ती दाराशीच अडवते.

वाचन व लेखन हे खाते सवयीचे आहे. प्रश्न वाचताना दिलेल्या बाबी व विचारलेली बाब यांच्याखाली पेन्सिलीने रेघ ओढावी. भूमितीत प्रत्येक विधानासमोर कारण लिहावे. महत्त्वमापनात आकृती काढल्यावाचून सूत्र लिहू नये. अर्धगोलावर शंकू बसविला असता जोडाचे वर्तुळ झाकले जाते, ते पृष्ठफळात धरावयाचे नसते. ही चूक आकृतीशिवाय हटकून होते.

आणि सर्वांत शेवटी 'न येणे'. येथे मात्र घाई उपयोगाची नाही. एका वेळी एकच प्रकरण, पाठ्यपुस्तकातील सोडविलेली उदाहरणे झाकून स्वतः सोडविणे, मग संग्रहातील उदाहरणे, आणि आठ दिवसांनी त्याच प्रकरणाची पुन्हा छोटी परीक्षा. आठ दिवसांनंतरही जे हातून उतरते तेच आले असे समजावे.

५. एक उदाहरण सोडवून

पायऱ्या लिहिण्याचे मोल कळावे म्हणून व्यापाऱ्याचेच एक उदाहरण घेऊ. एका व्यापाऱ्याने २,४०० रुपयांस सारख्या किमतीचे काही कापडतागे घेतले. प्रत्येक तागा २० रुपयांनी स्वस्त मिळाला असता तर तेवढ्याच रकमेत ४ तागे अधिक आले असते. तर एका ताग्याची किंमत किती?

प्रथम लिहावे : एका ताग्याची किंमत क्ष रुपये मानू. मग तागे २४००/क्ष. स्वस्त दराने तागे २४००/(क्ष − २०). अटीवरून,

२४००/(क्ष − २०) − २४००/क्ष = ४.

दोन्ही बाजूंस क्ष(क्ष − २०) ने गुणून,

४८,००० = ४क्ष(क्ष − २०), म्हणून क्ष² − २०क्ष − १२,००० = ०.

अवयव पाडून, (क्ष − १२०)(क्ष + १००) = ०. म्हणून क्ष = १२० किंवा क्ष = −१००. किंमत ऋण असू शकत नाही, म्हणून दुसरे मूल्य त्याज्य. एका ताग्याची किंमत १२० रुपये.

पडताळा : २,४०० रुपयांत १२० च्या दराने २० तागे, १०० च्या दराने २४. फरक ४, अट पुरी झाली.

आता पाहा. हुशार मुलगा मनातल्या मनात आकडे बसवून नुसते "१२०" लिहितो आणि पाच गुणांच्या प्रश्नात बहुतेक गुण गमावतो. उलट मध्यम विद्यार्थी समीकरण बरोबर मांडतो, अवयवांत चुकतो, तरी मांडणीचे गुण त्याच्या पदरात पडतात, कारण गुणदान पायरीपायरीने केले जाते. 'ऋण मूल्य त्याज्य' हे कारणासह लिहिण्याससुद्धा मोल आहे. दुकानात पावतीवाचून व्यवहार मानला जात नाही, तसेच परीक्षकापुढे पायरीवाचून उत्तर मानले जात नाही.

६. श्रेणीविषयी एक गैरसमज

"एक्क्याण्णव पडले की ए-१" असे अनेक पालक आजही सांगतात. २००९–१० पासून काही वर्षे सातत्यपूर्ण सर्वंकष मूल्यमापनाची पद्धत होती. त्या काळी ९१ ते १०० गुणांस ए-१ ही श्रेणी ठरलेली होती. २०१८ पासून दहावीची मंडळाची परीक्षा सर्वांस पुन्हा सक्तीची झाली. आता मंडळाच्या निकालातील श्रेणी ठरावीक गुणांवर अवलंबून नसते. विषयात उत्तीर्ण झालेल्या सर्व विद्यार्थ्यांची गुणानुक्रमे रांग लावून तिचे आठ समान भाग करतात. पहिल्या अष्टमांशास ए-१, दुसऱ्यास ए-२, याप्रमाणे डी-२ पर्यंत. ८०० उत्तीर्ण झाले असे मानले तर साधारणतः पहिले १०० ए-१ चे मानकरी होतील.

यातून व्यवहारी निष्कर्ष असा की, श्रेणीचा अंदाज घरी बसून काढता येत नाही, कारण तो देशभरातील इतर मुलांच्या गुणांवर अवलंबून आहे. अंदाज गुणांचा करावा, श्रेणीचा करू नये. आपल्या हाती आपली वही आहे, दुसऱ्याची नाही.

७. स्टँडर्ड की बेसिक?

२०२० च्या परीक्षेपासून केंद्रीय मंडळाने गणिताच्या दोन पातळ्या ठेवल्या. दोहोंचा अभ्यासक्रम एकच, अंतर्गत मूल्यमापनही एकच. फरक लेखी पत्रिकेच्या काठिण्यात आहे. अकरावीस नेहमीचे गणित घ्यावयाचे असल्यास स्टँडर्ड उत्तीर्ण व्हावे, असा मूळ नियम. मधल्या काही वर्षांत त्यात सवलत दिली गेली, म्हणून त्या त्या वर्षाचे परिपत्रक शाळेत पाहावे. वाणिज्य शाखेत उपयोजित गणित घेण्याचा मार्ग बेसिकवाल्यांसही मोकळा आहे.

हा निर्णय भीतीने घेऊ नये, तसाच अभिमानानेही घेऊ नये. खतावणीत 'न येणे' हे खाते सर्व प्रकरणांत पसरलेले असेल आणि मुलाची ओढ गणिताकडे नसेल, तर बेसिक घेण्यात यत्किंचितही कमीपणा नाही. माझ्याकडील एका मुलाने ते विचारपूर्वक घेतले, पुढे वाणिज्य शाखेत उपयोजित गणित घेतले, आणि आज तो वडिलांच्या पेढीचे हिशेब उत्तम सांभाळतो. पण गुण जर मुख्यतः घाई, चिन्हे व वेळ यांत जात असतील, तर केवळ एका चाचणीच्या आकड्यावरून मुलाच्या पुढील वाटा बंद करणे हा अन्याय होय.

त्या मुलीच्या वडिलांनी स्टँडर्ड लिहून दिले. शेवटच्या तीन खात्यांतील निम्मे गुण परत आले तरी ४८ चे ५७ होतील, एवढाच आमचा हिशेब होता. जानेवारीत पूर्ण अभ्यासक्रमावरील तीन पत्रिका झाल्या. गुण ५७, ६२ व ५९. अंतर्गत १८ धरून अंदाज ७५ ते ८० असा वहीत लिहून ठेवला. निकाल लागला तेव्हा लेखीत ६० व एकूण ७८ गुण होते. नव्वद नव्हेत, हे खरे. परंतु सोयऱ्यांनी विचारले तेव्हा त्या बापाने आकडा वाढवून सांगितला नाही आणि कमीपणानेही सांगितला नाही. मुलीने अकरावीस गणित घेतले.

८. घराने करावयाचे काम

निकालानंतर ती मला म्हणाली ते येथे नमूद करणे अगत्याचे वाटते. आधीच्या वर्षांत चुकलेली पाने ती घरी दाखवीत नसे, कारण लाल शाई दिसली की बोलणी बसत. वहीत चूक लिहिली तरी कोणी रागावणार नाही असे ठरले, त्या दिवसापासून तिने चुका लपविणे सोडले. तेव्हा मला उमजले की, या सर्व रीतीचा पाया पत्रिकेत नसून घरच्या वागणुकीत आहे. ज्या पेढीवर तोटा सांगणाऱ्या मुनिमाला शिव्या मिळतात, त्या पेढीचे चोपडे हळूहळू खोटे होत जाते. मुलांच्या गुणांचेही तसेच आहे. भ्यालेले मूल चूक लपविते, लपविलेली चूक दुरुस्त होत नाही, आणि परीक्षेच्या दिवशी ती व्याजासह पुढे उभी राहते.

म्हणून सभासद बंधुभगिनींना विनंती एवढीच. महिन्यातून एका रविवारी, दुकान बंद असताना, मुलाजवळ बसावे. पत्रिका तपासावी, गेलेले गुण चार खात्यांवर टाकावेत आणि पुढल्या महिन्यात कोणत्या एका खात्यावर काम करावयाचे ते ठरवावे. शेजारच्या मुलाचे गुण या बैठकीत काढू नयेत. शिकवणी असो वा नसो, ही बैठक चुकवू नये. ज्या मातांचे स्वतःचे शिक्षण मराठी माध्यमात झाले आहे त्यांनी इंग्रजी संज्ञांना बिचकू नये. खतावणीला परिभाषा लागत नाही, सचोटी लागते.

आणि एक परीक्षा म्हणजे सर्वस्व नव्हे. केंद्रीय मंडळाने २०२६ पासून दहावीची परीक्षा वर्षातून दोनदा घेण्याची योजना आखली. पहिली परीक्षा सर्वांस आवश्यक. दुसरीत गुण सुधारण्यासाठी तीन विषयांपर्यंत पुन्हा बसता येते आणि दोहोंपैकी चांगले गुण धरले जातात. कर्नाटकानेही २०२४ साली दहावीच्या तीन परीक्षा ठेवल्या होत्या. चुकलेला हिशेब पुन्हा मांडण्याची सोय मंडळांनी केली आहे. ती सोय घरानेही करावी.

दिवाळीला आपण नव्या चोपड्यांचे पूजन करतो. यंदा त्यांच्याशेजारी मुलाची ती जाड वहीही ठेवावी. तिच्यात गेलेल्या गुणांची नोंद आहे म्हणून तिची लाज वाटू नये. जे खरे लिहिले गेले आहे तेच भरून काढता येते.